पोरांच्या हाती हिशेबाची वही द्या
(जिल्हा मेळाव्यातील भाषण)



आज कापसाच्या भावाबद्दल बोलायचंच आहे, पण आधी घरातली एक गोष्ट सांगतो.

मी कृषी पदवीच्या शेवटच्या वर्षाला होतो. पिकाचा उत्पादन खर्च कसा काढायचा, याचा पेपर देऊन गावी आलो. त्याच दिवशी उधारीच्या वसुलीचा माणूस दारात उभा. आमच्या घरावर किती कर्ज आहे, हे मला त्या परक्या माणसाच्या तोंडून कळलं. बाबा एवढंच म्हणाले, "तुझ्या शिक्षणात खोडा नको म्हणून बोललो नाही."

आपण सगळे हेच करतो. पोरांना झळ लागू नये म्हणून कर्ज लपवतो. मग पोरगं मोबाईल मागतं आणि आपण त्याच्यावर चिडतो. घरात काय येतं, काय जातं, हेच त्याला ठाऊक नसेल तर जबाबदारी कुठून येणार?

म्हणून पेरणीच्या आधी एक वही आणा. सहावी-सातवीतल्या पोराला, पोरीला लिहायला बसवा. बियाणं, खत, फवारणी, वेचणी, सगळं रोज संध्याकाळी लिहायचं. आई निंदायला गेली, बाप डवऱ्यामागे चालला, तर त्यांचीही मजुरी गावच्या दरानं मांडायची. माय आजवर फुकट राबत होती, हे पोराला तेव्हा कळेल.

मग व्याजाचं गणित घाला. जूनमध्ये १०,००० रुपयांचा माल महिना शेकडा २ नं उधार घेतला, डिसेंबरात फेडला. सहा महिन्यांचं व्याज १,२०० रुपये. तेच पीककर्ज ७ टक्क्यांनं असतं तर ३५०. मधले ८५० कुठं गेले, ते पोरालाच सांगू द्या.

शेवटी एकूण खर्चाला पिकलेल्या क्विंटलांनी भागा. लांब धाग्याच्या कापसाचा २०२५-२६ चा हमीभाव ८,११० रुपये; तो शेजारी लिहा. २०१८ पासून सरकार दीडपट म्हणतं, ते रोख खर्च आणि घरच्या मजुरीवर. स्वतःच्या जमिनीचा खंड आणि भांडवलाचं व्याज त्यात नाही. कृषी मूल्य आयोग ते 'सी-२' खर्चात धरतो. दोन्ही मांडा. बाप उधळ्या होता की भाव कमी होता, ते वहीच सांगेल. लग्नात खरंच उधळपट्टी झाली असेल तर तेही दिसेल. त्याला भिऊ नका.

आणि बांधाकडच्या तुरीच्या दोन ओळी पोराच्या नावानं सोडा. बियाण्याचे पैसे उसने द्या, पीक निघाल्यावर परत घ्या. नफा त्याचा, तोटाही त्याचा. मागून भरून देऊ नका. दहा वर्षांवरच्या मुलांना स्वतःच्या सहीनं बचत खातं चालवू देण्याची मुभा रिझर्व्ह बँकेनं २०१४ सालीच बँकांना दिली आहे. पैसे तिथं ठेवू द्या.

पुढच्या मेळाव्याला वह्या आणा, पोरांनाही आणा. भावाची मागणी आपण त्यांच्या अक्षरातल्या हिशेबावरून लिहू.