बाळ घरी येतंय, मोत्याचं काय करायचं?



मागच्या बैठकीत आमच्या गटातल्या एका ताईंनी विषय काढला. सून माहेरी बाळंत झाली होती, सव्वा महिन्यानं नातू घरी येणार होता. घरात सहा वर्षांचा मोत्या. माणसं म्हणाली, "पोत्यात घालून लांब सोडून या." ताईंना ते पटेना. मग आम्ही गुरांच्या डॉक्टरांना आणि आशाताईंना विचारलं. जे कळलं, ते आज सांगतो.

पहिलं काम लसीचं. कुत्र्याला दरवर्षी रेबीजची लस टोचायची, जंतांचं औषध द्यायचं, गोचिडी-पिसवा काढायच्या. हे बाळ यायच्या आधीच उरकायचं.

दुसरं, सवयी आधी बदला. मोत्या बाळंतिणीच्या खोलीत झोपत असेल, तर महिनाभर आधीच त्याची जागा ओसरीवर करा. बाळ आल्यादिवशी हाकललं, तर त्याला कळत नाही की आपलं काय चुकलं.

तिसरं, बाळाचं वापरलेलं दुपटं आधी घरी आणून त्याला लांबून हुंगू द्या. सून आली की बाळ दुसऱ्याकडे देऊन तिनं आधी एकटीनं मोत्याला भेटावं. तो कित्येक दिवसांनी तिला बघतोय, उड्या मारणारच. तो शांत झाला की साखळी कुणाच्या तरी हातात ठेवून लांबूनच बाळ दाखवा. गप्प बसला तर भाकरीचा तुकडा द्या. बाळ त्याच्या तोंडापुढे धरू नका.

गुरगुरला तर मारू नका. गुरगुरणं म्हणजे "मला भीती वाटते" असं सांगणं. मारून ते बंद केलं, तर पुढच्या वेळी तो न सांगताच चावेल. त्याला गुपचूप बाजूला न्या. बारशाच्या गर्दीत त्याला मागच्या अंगणात सावलीत, पाण्याजवळ बांधा.

मांजर ऊब शोधत पाळण्यात शिरतं. म्हणून बाळ झोपलं की खोलीचं दार लावा. गरोदर बाईनं मांजराची घाण काढू नये, त्यातून गर्भाला अपाय करणारा आजार होऊ शकतो.

आणि सगळ्यात मोठं: जनावर कितीही गुणी असलं, तरी बाळाजवळ त्याला क्षणभरही एकटं सोडायचं नाही. बाळ रांगायला लागलं की जास्तच जपा. जेवणाऱ्या कुत्र्याजवळ त्याला जाऊ देऊ नका.

तरीही चावलं, ओरखडलं, तर जखम वाहत्या पाण्याखाली साबणानं 15 मिनिटं धुवा. हळद, चुना, तिखट काही लावू नका. लगेच सरकारी दवाखाना गाठा. रेबीजची लक्षणं दिसू लागली की माणूस वाचत नाही. वेळेवर घेतलेली लसच वाचवते.

ताईंचा नातू आता घरी आलाय. मोत्या ओसरीवर असतो, आणि दोघांच्या मधे कायम एक मोठं माणूस असतं.

येत्या बैठकीत एवढं विचारा: कुणाच्या घरी बाळ येणार आहे आणि कुणाच्या कुत्र्याला लस राहिलीय? चार घरांनी मिळून डॉक्टरांना एकाच दिवशी बोलावलं, तर सगळ्यांचंच काम होईल.