चित्रफितीतील नित्यजीवन
(अक्कलकोट येथील वार्षिक मेळाव्यातील भाषण)



सावेदादा भाटवडेकरांनी १८९९ साली मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये कुस्ती चित्रित केली. फीत धुण्यासाठी विलायतेस धाडावी लागली. पुढे माकडवाल्याचा खेळही त्यांनी टिपला. रस्त्यावरचा खेळ! आज त्या फिती उपलब्ध नाहीत. फ्लाहर्टी यांनी १९२२ साली उत्तर कॅनडातील इन्युइट कुटुंबाचे जीवन ‘नानूक’मध्ये दाखविले, पण बंदूक वापरणाऱ्यांकडून भाल्याने शिकार करविली, उजेडासाठी हिमगृह अर्धेच बांधविले. हे आम्हांस खटकते. तथापि ती माणसे अद्याप पडद्यावर वावरतात. अक्कलकोटातील आमच्या घरांतून लग्नाच्या फिती पुष्कळ. चुलीपुढे ज्वारीची भाकरी थापणारी आजी मात्र एकीतही नाही. यंदा मंडळाने वृद्धांच्या घरी कॅमेरा न्यावा, आणि त्यांस नवे लुगडे नेसावयास सांगू नये.