रक्तातला पालाश
(शनिशिंगणापूर येथे साक्षरता वर्गाच्या मंडळींपुढे केलेले भाषण)



आज मी तुमच्याशी पालाशाविषयी बोलणार आहे. तुम्ही म्हणाल, त्यात नवीन ते काय? उसाला आपण नत्र, स्फुरद आणि पालाश देतोच की! बरोबर आहे. दुकानदार ज्याला पोटॅश म्हणतो, त्यातलाच हा पालाश. पण तो तुमच्या आमच्या अंगातही असतो, बरं का. डॉक्टर त्याला पोटॅशियम म्हणतात. उसाला पालाश कमी पडला तर पानांच्या कडा करपतात. माणसाला तो कमी पडला तर काय होते? आणि जास्त झाला तर? तेच आज पाहू.

पालाश राहतो कुठे?

आपले शरीर पेशींचे बनलेले आहे. भिंत जशी विटांची, तसे शरीर पेशींचे. सत्तर किलो वजनाच्या माणसाच्या अंगात सुमारे १३० ते १४० ग्रॅम पालाश असतो. त्याचे शंभर भाग केले, तर ९८ भाग पेशींच्या आत असतात. रक्तात आणि पेशींच्या भोवतालच्या पाण्यात मिळून उरतात फक्त २ भाग.

तुमचे गाव बिनदाराच्या घरांचे गाव म्हणून सगळ्या देशाला ठाऊक आहे. २०११ साली इथे बँकेची शाखा निघाली, तीही बिनकुलपाची. पण पेशीचे घर तसे नाही. पेशीला बारीक बारीक दारे असतात, आणि तिथे राखणदारही असतो. हा राखणदार म्हणजे एक पंपच. मिठातला सोडियम तो बाहेर काढतो आणि पालाश आत ओढतो. एका फेरीत सोडियमचे तीन कण बाहेर, पालाशाचे दोन कण आत. रात्रंदिवस हेच काम. आपण झोपलो तरी तो झोपत नाही.

हा पंप डेन्मार्कच्या येन्स स्कौ या शास्त्रज्ञाने शोधून काढला. त्याने खेकड्याच्या नसांवर प्रयोग केले आणि १९५७ साली ते प्रसिद्ध केले. पुढे १९९७ साली त्याला नोबेल पारितोषिक मिळाले.

आत भरपूर आणि बाहेर मोजका, हा जो फरक आहे, त्याच्या जोरावर नस निरोप नेते, हातपाय हलतात, काळीज ठोके देते. म्हणून बाहेरचा तो थोडासा पालाश अगदी मापात असावा लागतो. तिथे थोडे कमी-जास्त झाले तरी काळजाचा ताल बिघडतो.

माप किती?

रक्त तपासल्यावर कागद मिळतो. त्यावर पोटॅशियमपुढे एक आकडा असतो. मोठ्या माणसाचा आकडा साधारण ३.५ ते ५ च्या दरम्यान असावा. हे माप मिलिमोलचे आहे. मापाचे नाव विसरलात तरी चालेल, आकडा विसरू नका. आकडा २.५ च्या खाली गेला किंवा ६.५ च्या वर चढला, तर जिवाला धोका असतो. त्या आधीही, आकडा झपाट्याने बदलत असेल, तर धोका असतोच.

तुम्ही आता अंक वाचायला शिकलात. मग हा आकडा तुम्हीच वाचा. मधले टिंब नीट पाहा. शेजारी त्या प्रयोगशाळेची हद्द छापलेली असते, तीही पाहा. पोटॅशियमची खूण इंग्रजी ‘के’ अक्षराने करतात, तेवढे एक अक्षर ओळखून ठेवा.

कमी कशाने होतो?

जुलाब आणि उलट्या यांनी पालाश अंगातून निघून जातो. लघवी वाढवणाऱ्या काही गोळ्यांनीही तो जातो. मग पायांत गोळे येतात, अंग गळून जाते, पोट फुगते, छातीत धडधडते. काही तरुणांना तर विचित्रच अनुभव येतो. रात्री भरपेट जेवून, धडधाकट माणूस झोपतो आणि सकाळी त्याचे पाय हलत नाहीत. अशा वेळी कधी कधी कारण एवढेच असते, की रक्तातला पालाश एकाएकी पेशींच्या आत शिरलेला असतो.

जुलाब लागले तर क्षारसंजीवनीची पुडी पाण्यातून द्या. ती आशाताईंकडे मिळते. एक लिटर पाण्याच्या पुडीत दीड ग्रॅम पोटॅशियम क्लोराइड घातलेले असते. घरच्या मीठ-साखरेच्या पाण्यात ते नसते. पुडी मिळेपर्यंत घरचे पाणी द्यावे, पण पुडी आणायला कुणाला तरी लगेच धाडावे.

जास्त कशाने होतो?

खाल्लेल्या पालाशातला जास्तीचा भाग मुख्यतः मूत्रपिंडे लघवीवाटे बाहेर टाकतात. मूत्रपिंडे थकली की पालाश रक्तात साठू लागतो. मधुमेह आणि रक्तदाब वर्षानुवर्षे आटोक्यात नसले, तर मूत्रपिंडे थकतात. रक्तदाबाच्या काही गोळ्या पालाश अंगात राखून ठेवतात. अंगदुखीच्या गोळ्या मनाने घेत राहिले, तरी मूत्रपिंडांना इजा होते. भिंतीखाली किंवा उलटलेल्या गाडीखाली माणूस बराच वेळ चेंगरून राहिला, तर चिरडलेल्या स्नायूंतला पालाश रक्तात उतरतो. अशा माणसाला बाहेर काढल्यावर तो बोलतो-चालतो म्हणून घरी नेऊ नका, सरळ दवाखान्यात न्या.

पालाश जास्त झाला की काय जाणवते? अंग गळते. पाय जड होतात. छातीत धडधडते, नाहीतर ठोके मंदावतात. कित्येकदा तर काहीच जाणवत नाही, आणि काळीज एकाएकी थांबते.

आता नीट लक्ष द्या. कमी झाला तरी अंग गळते. जास्त झाला तरी अंग गळते. बाहेरून दोघे सारखेच दिसतात. शेजारीण म्हणते, “अशक्तपणा आलाय, शहाळ्याचे पाणी पाजा.” जुलाबाने पालाश गेला असेल, तर त्या पाण्याने थोडी मदत होईल. पण मूत्रपिंडे थकलेल्या माणसाला तेच पाणी घातक ठरू शकते. एक पेलाभर शहाळ्याच्या पाण्यात सुमारे ६०० मिलिग्रॅम पालाश असतो. शेजारणीची माया खरी, पण तिला रक्तातला आकडा कसा दिसणार? गोळ्यांचेही तेच. एक गोळी पालाश घालवते, दुसरी तो राखते. म्हणून एकाची गोळी दुसऱ्याने कधी घेऊ नये.

शनिवारचा उपवास

आपल्याकडे पुष्कळ लोक शनिवार धरतात. उपवासाला आपण काय खातो? बटाटा, रताळी, शेंगदाणे, केळी, खजूर. या सगळ्यांत पालाश भरपूर. एका मध्यम केळ्यात सुमारे ४०० मिलिग्रॅम. निरोगी माणसाला हे चांगलेच आहे, त्याने खुशाल खावे. पण ज्याची मूत्रपिंडे अधू आहेत, त्याने डॉक्टरांना विचारल्याशिवाय असा उपवास करू नये. बटाटा खायचाच असेल, तर तो बारीक चिरून पुष्कळ पाण्यात उकडावा आणि ते पाणी फेकून द्यावे. पालाश पाण्यात उतरतो, त्यामुळे बटाट्यातला बराच भाग कमी होतो.

मिठाचेही सांगतो. बाजारात कमी सोडियमचे मीठ मिळते. त्यात सोडियमच्या जागी काही भाग पालाश असतो. रक्तदाबाला ते बरे, म्हणून जागतिक आरोग्य संघटनेने जानेवारी २०२५ मध्ये मोठ्या माणसांना अशा मिठाची शिफारस केली. पण मूत्रपिंडाचा आजार असलेले, गरोदर बाया आणि मुले यांना त्या शिफारशीतून वगळले आहे. घरात एकच मीठ सगळ्यांच्या ताटात पडते. तेव्हा पिशवीवर काय लिहिले आहे ते वाचा, मगच घ्या.

तपासणी कशी करावी?

रक्त काढताना मूठ सारखी उघडझाप करू नका. त्याने आकडा खोटाच वाढतो. काढलेले रक्त बाटलीत फार वेळ पडून राहिले किंवा हिंदकळून त्यातल्या पेशी फुटल्या, तरीही आकडा खोटा चढतो. म्हणून डॉक्टर कधी कधी पुन्हा रक्त मागतात. “पैसे काढतोय” असे म्हणून रुसू नका. आकडा फार वाढलेला असेल, तर ते काळजाचा आलेख, म्हणजे ईसीजी, काढतात. मग काळजाला सांभाळायला कॅल्शियमचे इंजेक्शन देतात. पालाश पेशींत परत धाडायला साखरेबरोबर इन्सुलिन देतात. तेवढ्याने भागले नाही, तर डायलिसिस करतात. ज्यांचे डायलिसिस चालू आहे, त्यांनी ठरलेला दिवस चुकवू नये. शनि अमावास्येची यात्रा असो की घरातले लग्न असो, आधी डायलिसिस.

आता एक शेवटचे. हे शनिमहाराजांचे गाव. माणसाचे पाय गळाले की कुणीतरी म्हणतेच, “साडेसाती लागली.” मग चौथऱ्यावर तेल वाहतात आणि वाट पाहतात. तेल वाहायला माझी ना नाही. श्रद्धा आपल्या जागी असू द्या. पण साडेसाती साडेसात वर्षांची, आणि पालाशाने बिघडलेले काळीज काही तासही थांबत नाही. तेव्हा आधी गाडी जोडा, माणसाला दवाखान्यात न्या, रक्त तपासा. तेल वाहायला घरच्या दुसऱ्या कुणाला पाठवा.

मंडळी, तीन गोष्टी पाटीवर लिहून घ्या :

१. अंग एकाएकी गळाले, तर घरी उपाय करत बसू नये. रक्त तपासावे.

२. पोटॅशियमचा आकडा ३.५ ते ५. कागद स्वतः वाचावा आणि जपून ठेवावा.

३. मधुमेह, रक्तदाब किंवा मूत्रपिंडाचा आजार असेल, तर शहाळे, उपवास, मीठ आणि गोळी, सगळे डॉक्टरांना विचारून.

लिहून झाले? मग घरी जाऊन ज्यांना वाचता येत नाही, त्यांना हे वाचून दाखवा.