पानाच्या तळाची ओळ



संमेलनाध्यक्षाच्या या खुर्चीवर माणूस एकदाच बसतो. पुढच्या वर्षी मी तुमच्यात बसेन आणि मला कुणी बोलायला उठवणार नाही. म्हणून आभाराचं एकच वाक्य: ज्यांनी मला निवडून दिलं, त्यांचा मी ऋणी आहे. ज्यांनी ‘खिळे जुळवणारा माणूस संमेलनाला काय दिशा देणार’ असं पत्रक घरोघर वाटलं, त्यांना उत्तर आज देतो.

गेल्या वर्षी याच व्यासपीठावरून सांगितलं गेलं की इंग्रजी वृत्तपत्रसृष्टी थोर संपादकांनी घडवली आणि तसे संपादक नाहीत म्हणून आपली दैना आहे. टाळ्या पडल्या. मी तेव्हा गप्प बसलो. घरी जाऊन कपाटातली पुस्तकं काढली आणि वर्षभर वाचत राहिलो. आमच्या पोरांना पत्रकारितेच्या वर्गात शिकवतात तो इतिहास असा: मिल्टन, डिफो, ॲडिसन आणि स्टील, मग ‘द टाइम्स’चे बार्न्स आणि डिलेन. मोठी माणसं. त्यांच्या लेखणीला माझा नमस्कार आहे. पण या इतिहासातून छापणारा हात कापून टाकलेला आहे.

मिल्टनपासूनच बघा. परवान्याशिवाय छापण्याच्या हक्कासाठी त्यांनी 1644 साली ‘ॲरिओपॅजिटिका’ लिहिली. लेखकाचं नाव मुखपृष्ठावर आहे, छापणाऱ्याचं नाही. कुणी जुळवली ती पानं? कुणाच्या छापखान्यात, कुणाच्या जिवावर? आणि पुढे प्रजासत्ताकाच्या राजवटीत हेच मिल्टन मजकुराला परवाने देण्याच्या सरकारी कामावर बसले. हे अर्धं चरित्र वर्गात का सांगत नाहीत?

आता दुसरं नाव ऐका. जॉन ट्विन. लंडनचा साधा मुद्रक. 1663 साली पहाटे चारच्या सुमाराला त्याच्या दारावर थापा पडल्या. बाहेर सरकारचा मुद्रण-निरीक्षक रॉजर लेस्ट्रेंज उभा होता. दार उघडेपर्यंत आत जुळलेला मजकूर मोडण्याची धडपड चालली होती. ज्यानं आयुष्यात एकदाही फर्मा आवळलाय, त्याला कळेल की स्वतः जुळवलेलं पान स्वतःच्या हातानं विस्कटताना काय होतं. राजाविरुद्धचं पुस्तक छापल्याबद्दल ट्विनवर राजद्रोहाचा खटला झाला. लेखक कोण ते सांग, असं त्याला विचारलं गेलं. त्यानं सांगितलं नाही. 1664 साली त्याला फाशी दिली आणि देहाचे तुकडे करून शहराच्या वेशींवर लावले. लेखक वाचला. आणि हा लेस्ट्रेंज कोण? तो स्वतः वृत्तपत्र काढत होता! इतरांची तोंडं बंद करून बातम्या छापण्याचा मक्ता त्यानं स्वतःकडे घेतला होता. संपादकांच्या यादीत त्यालाही कुठेतरी जागा मिळते. ट्विनला मिळत नाही.

1695 साली छपाईच्या परवान्याचा कायदा मुदत संपून गेला, कारण पार्लमेंटनं त्याचं नूतनीकरण केलं नाही. मग सात वर्षांत, 11 मार्च 1702 रोजी, लंडनचं पहिलं दैनिक ‘डेली कूरंट’ निघालं. एक कागद, एकाच बाजूला छापलेला, दोन स्तंभ. आम्ही फक्त बातमी देऊ, अर्थ लावायला वाचक समर्थ आहे, अशी भूमिका त्यात पहिल्याच दिवशी जाहीर केली होती. हे दैनिक काढलं एका बाईनं. एलिझाबेथ मॅलेट. छापखानदाराची विधवा. तिनं ते फार दिवस चालवलं नाही, काही आठवड्यांत ते सॅम्युअल बकलीकडे गेलं. पण इंग्रजीतल्या पहिल्या दैनिकाची सुरुवात तिच्या हातून झाली, हे आपल्याला कशावरून माहीत? पानाच्या अगदी तळाशी बारीक टायपात एक ओळ आहे. फ्लीट पुलाजवळचा पत्ता आणि ‘ई. मॅलेट’. ती ओळ नसती तर ही बाई आज नसतीच.

आजचं माझं भाषण त्या ओळीबद्दल आहे.

आता जॉन विल्क्स. यांचं नाव सगळ्या पुस्तकांत आहे. ‘नॉर्थ ब्रिटन’च्या 45व्या अंकात, 1763 साली, त्यांनी राजाच्या भाषणावर टीका केली. सरकारनं बिननावाचं वॉरंट काढलं आणि 49 माणसं धरली. त्यांत कितीतरी छापखान्यातले कामगार होते. त्यातला एक विल्यम हकल. आठवड्याला एक गिनी कमावणारा. तो ज्या छापखान्यात होता तिथे तो अंक छापलाही नव्हता. त्याला सहा तास डांबून ठेवलं. वागवलं मात्र नीट, खायला गोमांसाचे तुकडे आणि प्यायला बिअर दिली. सरकारला वाटलं, मजूर आहे, पोट भरलं की जाईल. हकल कोर्टात गेला. ज्यूरीनं त्याला 300 पौंड भरपाई दिली, म्हणजे त्याची जवळपास साडेपाच वर्षांची मजुरी. रक्कम फार झाली, अशी तक्रार सरकारी वकिलांनी केली. मुख्य न्यायाधीश प्रॅट यांनी ती ऐकली नाही. नाव न लिहिता कुणालाही उचलण्याचं हत्यार पुढे इंग्लंडात मोडलं, त्याचा पहिला घाव या मजुरानं घातला. सांगा, आपल्या कुठल्या परिसंवादात हकलचं नाव निघालं?

मित्रहो, मला हे झोंबतं याचं कारण माझ्या आयुष्यात आहे, आणि ते मी लपवणार नाही. मी चौदाव्या वर्षी खिळ्यांच्या केससमोर उभा राहिलो. काकांनी हातात जुळणीची स्टिक दिली आणि सांगितलं, आजपासून उलटं वाचायचं. सहा महिने मला दुकानांच्या पाट्याही उलट्या दिसत. वेलांटी पडली की पाठीत धपाटा. शिशाचा वास जेवणाच्या डब्याला येई. पुढे एका साप्ताहिकात बावीस वर्षं काढली, आधी जुळारी म्हणून, मग मुद्रितशोधक म्हणून. एका रात्री अग्रलेखात एका प्रतिष्ठित माणसाचं नाव चुकून आरोपीच्या जागी गेलं होतं. मशीन सुरू व्हायला वीस मिनिटं होती. मी फर्मा उतरवून घेतला, ओळ काढली, नवी जुळवली. संपादकांना ते सकाळी कळलं. त्या साप्ताहिकाच्या सुवर्णमहोत्सवाची स्मरणिका निघाली तेव्हा चार पानं संपादकांच्या छायाचित्रांची होती, दोन पानं जाहिरातदारांची. आम्ही अकरा जण होतो. एकाचंही नाव नव्हतं. त्यातले सात आज हयात नाहीत. ती स्मरणिका मी जपून ठेवली आहे आणि मरेपर्यंत ठेवणार आहे. तिचं संपादन करणारे गृहस्थ माझे स्नेही आहेत, समोरच बसले आहेत. त्यांच्या हेतूबद्दल मला शंका नाही, त्यांच्यावर वरून दबाव होता हेही मला ठाऊक आहे. पण ‘जागा नव्हती’ असं ज्यांनी सांगितलं, त्यांना मी आजही माफ केलेलं नाही.

आणि कायद्याला आमच्या नावासाठी जागा सापडते, हे विसरू नका! 1799 साली इंग्लंडच्या पार्लमेंटनं कायदा केला की प्रत्येक छापील कागदावर मुद्रकाचं नाव-पत्ता हवा. त्याच वर्षी कलकत्त्यात वेलस्लीनं नियम काढला की वर्तमानपत्राच्या तळाशी मुद्रकाचं नाव हवं. 1867च्या आपल्या कायद्यातही तेच होतं. पकडायला जायचं असलं की आमचं नाव लागतं, हार घालायचा असला की लागत नाही.

तुरुंग कुणी भरले तेही ऐका. 1712 पासून इंग्लंडात वर्तमानपत्रावर मुद्रांक-कर होता. 1815 पर्यंत तो अंकामागे चार पेन्स झाला. हेतू सरळ होता, गरिबाच्या हातात वर्तमानपत्र जाऊ नये. हेन्री हेदरिंग्टन या मुद्रकानं 1831 साली ‘पुअर मॅन्स गार्डियन’ काढलं, मुद्रांक न लावता, किंमत एक पेनी, आणि हे पत्र कायद्याविरुद्ध काढलं आहे असं शीर्षावर छापून. तो तुरुंगात गेला. अंक विकणारी शेकडो माणसं तुरुंगात गेली. रस्त्यावर पत्र विकणारा माणूस, त्याच्या बायकोपोरांनी त्या दिवशी काय खाल्लं असेल? 1834 साली ज्यूरीनं हे पत्र कायदेशीर ठरवलं. 1836 साली कर एक पेनीवर आला आणि 1855 साली गेला. त्यानंतर लंडनमध्ये एका पेनीची दैनिकं उभी राहिली आणि संपादकांना लाखांचा वाचक मिळाला. तो वाचक या विक्रेत्यांनी कमावून ठेवला होता.

आणि छापणाऱ्या हातांची कदर मालकांनी कशी केली? 29 नोव्हेंबर 1814 ची पहाट. ‘द टाइम्स’च्या छापकामगारांना मालकानं सांगितलं होतं, थांबा, युरोपातून मोठी बातमी यायची आहे. बातमी आली ती अशी की शेजारच्या इमारतीत गुपचूप बसवलेल्या क्योनिगच्या वाफेच्या यंत्रावर अंक छापूनही झाला आहे, तासाला 1100 प्रती. त्या मालकानं निदान दुसरं काम मिळेपर्यंत पगार देण्याचं वचन दिलं. 1986 साली तेच ‘द टाइम्स’ मर्डॉक यांच्या मालकीचं होतं. वॉपिंगचा नवा कारखाना एका नव्या सांजदैनिकासाठी आहे असं सांगितलं गेलं. जानेवारीत कामगार संपावर गेले आणि सुमारे साडेपाच हजार माणसं एका फटक्यात काढली गेली. वर्षभर ती दारावर उभी होती. संपादक आणि बहुतेक पत्रकार आत गेले. काही थोडे गेले नाहीत, त्यांना माझा सलाम.

घरचं एकच उदाहरण देतो. 1897 चा ‘केसरी’वरचा राजद्रोहाचा खटला शाळेतल्या मुलालाही ठाऊक आहे. लोकमान्यांसमोर तर आपण सगळेच नतमस्तक. पण त्या पिंजऱ्यात त्यांच्या शेजारी आणखी एक आरोपी उभे होते, मुद्रक केशव महादेव बाळ. ते निर्दोष सुटले. सुटले म्हणून इतिहासातूनही सुटले का?

उद्या सकाळच्या सत्रात मी ठराव मांडतोय. या संमेलनाच्या प्रत्येक प्रकाशनात जुळणी, मुद्रितशोधन, छपाई आणि बांधणी करणाऱ्यांची नावं छापली जावीत, संपादकांच्या नावाइतक्याच टायपात. ज्यांचा विरोध असेल त्यांनी उभं राहून, नाव सांगून करावा. पत्रकं वाटू नयेत.

माझ्या भाषणाची छापील प्रत तुमच्या हातात आहे. शेवटचं पान उलटा आणि तळाशी बघा. तिथे चार नावं आहेत. ती माणसं मागच्या दाराजवळ उभी आहेत, खुर्च्या कमी पडल्या म्हणून. पुढच्या रांगेतल्या चौघांनी उठून त्यांना जागा द्यावी. मी थांबतो.