मातीचा हक्क
(कन्नड येथील महिला मेळाव्यातील भाषण)

मैत्रिणींनो, दफनभूमीचा प्रश्न बायकांचा कसा, असं मला विचारतात. माती द्यायला पुरुष जातात. पण जागा मिळेपर्यंत मयताजवळ बसते ती बाई. मीही बसलेय तिच्याशेजारी.

मुंबई महापालिकेने ९ एप्रिल २०२० रोजी कोविडने दगावलेल्यांसाठी २० दफनभूमी ठरवल्या. वांद्र्याचे काही रहिवासी त्याविरुद्ध उच्च न्यायालयात गेले. मृतदेहातून संसर्ग पसरतो याला शास्त्रीय पुरावा नाही, सन्मानाने दफन हा कलम २१ खालचा हक्क आहे, असं सांगून न्यायालयाने २२ मे रोजी याचिका फेटाळली.

तेव्हा आपल्याकडे परवानगीला हरकत आली, तर ती लेखी मागा. ठरावाची नक्कल घ्या. महिला ग्रामसभेत बोला. पाण्याची भीती तपासून घेता येते. ‘आमच्या शेजारी नको’ हे कारण नव्हे.