रिसीव्हर कोणाचा?

(कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गातील व्याख्यान)



वाटपाचा दावा हा वरवर पाहता एका कुटुंबाचा खाजगी प्रश्न वाटतो. परंतु ज्या जमिनीवरून भाऊ भांडतात ती जमीन कोणीतरी कसत असते, आणि जिचा हिस्सा नाकारला जातो ती पुष्कळदा विधवा किंवा बहीण असते. म्हणून न्यायालय अशा मिळकतीवर रिसीव्हर नेमते तेव्हा नेमके काय घडते, हे चळवळीने समजून घेतले पाहिजे.

१९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेतील चाळिसाव्या आदेशानुसार, न्याय्य व सोयीस्कर वाटल्यास न्यायालयाला हुकूमनाम्यापूर्वी किंवा नंतर रिसीव्हर नेमता येतो. हा रिसीव्हर वादीचा नसतो आणि प्रतिवादीचाही नसतो. तो न्यायालयाचा अधिकारी असतो. न्यायालय सांगेल तो जामीन त्याने द्यावयाचा आणि ठरलेल्या मुदतीत हिशेब सादर करावयाचा. जाणूनबुजून केलेल्या कसुरीने वा घोर निष्काळजीपणाने मिळकतीचे नुकसान झाले, तर ते त्याच्याकडून वसूल होऊ शकते. त्यासाठी त्याची स्वतःची मालमत्ता जप्त करण्याचीही तरतूद आहे.

या उपायाची गरज कोणाला असते? एकत्र कुटुंबाचे उत्पन्न थोरल्याच्या हाती असते. दावा जितका लांबेल तितका त्याचा लाभ. उसाचे पैसे आणि वाड्याचे भाडे त्याच्याकडे जमा होते. बहिणीच्या वाट्याला फक्त पुढची तारीख येते. २००५ च्या दुरुस्तीने हिंदू एकत्र कुटुंबातील मुलीला जन्मतः मुलाइतका हक्क दिला. पण निकालापर्यंत उत्पन्न कोण खाणार, या प्रश्नाचे उत्तर त्या दुरुस्तीत नाही. ते काही अंशी रिसीव्हरच्या नेमणुकीत आहे.

अर्थात हा उपाय कठोर आहे. १९५५ साली प्रसिद्ध झालेल्या कृष्णस्वामी चेट्टी प्रकरणाच्या निकालात मद्रास उच्च न्यायालयाने त्याविषयी पाच कसोट्या सांगितल्या. अर्जदाराची बाजू सबळ हवी, मिळकतीला खराखुरा धोका हवा, अर्जदाराचे स्वतःचे वर्तन निर्दोष हवे, हे त्यांतील मुख्य सूत्र. व्यवहारात मात्र दुसराच अनुभव येतो. पुष्कळदा कब्जेदार हिस्सेदारालाच, ठराविक रक्कम भरण्याच्या अटीवर, रिसीव्हरचा एजंट म्हणून ठेवले जाते. ही रक्कम खऱ्या उत्पन्नाशी ताडून पाहिली नाही, तर जुन्याच सत्तेवर न्यायालयाचा शिक्का बसतो.

सर्वांत उपेक्षित राहतो तो कसणारा. रिसीव्हर जमीन लिलावाने एकसाली खंडाने देऊ लागला, की ज्याच्या हाती पैसा त्याची बोली चढते. मुंबई कुळवहिवाट कायदा १९४८ चा; परंतु न्यायालयाने रिसीव्हरमार्फत तात्पुरत्या व्यवस्थापनाखाली घेतलेल्या जमिनींना त्याच्या अनेक तरतुदींतून सूट आहे. व्यवस्थापन संपेपर्यंत कुळाचे संरक्षण त्या प्रमाणात थांबते. तात्पुरते म्हणविलेले व्यवस्थापन वर्षानुवर्षे चालले, तर ही सूट कोणाच्या पथ्यावर पडते, हे सांगावयास नको. तरीही एक ढाल कसणाऱ्याच्या हाती आहे. ज्याला काढून टाकण्याचा हक्क दाव्यातील कोणत्याही पक्षकाराला आज नाही, त्याला रिसीव्हर नेमून कब्जातून काढता येत नाही, असे चाळिसावा आदेशच सांगतो. हे कलम प्रत्येक कार्यकर्त्याला ठाऊक असले पाहिजे.

दुखण्याचे मूळ विलंबात आहे. वाटपाच्या दाव्यात आधी हिस्से ठरविणारा प्राथमिक हुकूमनामा होतो आणि प्रत्यक्ष वाटणी अंतिम हुकूमनाम्याने होते. या दोहोंमध्ये दावे वर्षानुवर्षे पडून राहत. २०२२ साली सर्वोच्च न्यायालयाने आदेश दिला, की प्राथमिक हुकूमनाम्यानंतर कनिष्ठ न्यायालयाने पक्षकारांच्या वेगळ्या अर्जाची वाट न पाहता स्वतःहून पुढील कारवाई करावी. हा आदेश आपल्या तालुक्याच्या न्यायालयात पाळला जातो की नाही, हे पाहण्याचे काम कार्यकर्त्यांचे आहे.

तेव्हा रिसीव्हरला विरोध करणे हे धोरण होऊ शकत नाही. त्याचे हिशेब दुर्बळ हिस्सेदाराने मागावेत, खंडाची बोली गावासमोर व्हावी, कसणाऱ्याचे म्हणणे न्यायालयापुढे जावे आणि अंतिम वाटणी लवकर व्हावी, यासाठी झटले पाहिजे. रिसीव्हर न्यायालयाचा असतो. पण त्याच्या हिशेबाच्या वहीकडे दुर्बळांचे लक्ष नसेल, तर तो पाहता पाहता बलवंतांचा होतो.