अर्धा राहिलेला डाव



माझ्या लहानपणी नागोठण्याला आमच्या ओट्यावर रात्री बुद्धिबळ चाले. अब्बा आणि त्यांचे एक मास्तर मित्र. डाव रंगात आला की हमखास वीज जायची, नाहीतर मास्तरांना पहाटेची एसटी गाठायची असायची. मग अब्बा सिगारेटचे पाकीट उलगडून त्याच्या आतल्या बाजूला पेन्सिलीने चौसष्ट घरे आखत आणि कुठले मोहरे कुठे आहे ते लिहून ठेवत. खेळायची पाळी कोणाची, हेही खाली लिहीत. तो कागद कपाटात रेशनकार्डाच्या जोडीला राही. एकदा अम्मीने तो चुकून चुलीत घातला. त्यानंतर आठ दिवस दोघे मित्र एकमेकांशी धड बोलत नव्हते, कारण प्रत्येकाच्या आठवणीत डाव आपल्याच बाजूने झुकलेला होता.

कॉम्प्युटरवरच्या खेळात ‘सेव्ह’ म्हणतात तो हाच कागद. आज त्या कागदाविषयी बोलायचे आहे. कवी माणसाला हे काय सुचले, असे काहींना वाटेल. मलाही दोन वर्षांपूर्वी तसेच वाटले असते.

सेव्हच्या फायलीत खेळ नसतो. किल्ले, घोडे, गाड्या, संगीत हे सारे खेळाच्या मूळ फायलींत असते. सेव्हमध्ये असतात ते नुसते आकडे: कोण कुठे उभा आहे, किती सोने जमले, कुठली भिंत किती पडली. म्हणूनच ही फाइल लहानशी असते आणि म्हणूनच ती खेळाशिवाय मुकी असते. अब्बांचा कागद बुद्धिबळ न येणाऱ्याच्या हाती दिला तर त्याला काय कळणार?

पूर्वी टीव्हीला जोडायच्या खेळांत बहुतेक वेळा हा कागदच नव्हता. स्वस्तातल्या कॅसेटी घालून मुले दुपारभर खेळत आणि बटण बंद केले की सगळे पाण्यात. १९८७ मध्ये अमेरिकेत आलेल्या ‘द लीजंड ऑफ झेल्डा’च्या कॅसेटमध्ये डाव जपण्यासाठी घड्याळाच्या सेलसारखा एक छोटा सेल बसवलेला होता. सेल जिवंत तोवर डाव जिवंत. १९८९ चा ‘प्रिन्स ऑफ पर्शिया’ मी एका मित्राच्या कचेरीत पाहिला. त्याच्या डॉस आवृत्तीत तिसऱ्या टप्प्यापासून कंट्रोल आणि जी दाबले की डाव साठवला जाई, पण जागा एकच. नवा डाव साठवला की जुना पुसला गेला. त्या खेळाचा कर्ता जॉर्डन मेकनर. त्याने स्वतः लिहिलेली खेळाची मूळ आज्ञावली हरवली होती. २०१२ मध्ये त्याच्या वडिलांना घरातल्या कपाटाच्या मागे एक खोके सापडले, त्यात त्या फ्लॉप्या निघाल्या. जाणकार मंडळींनी जपून त्या वाचल्या आणि ती आज्ञावली सर्वांसाठी खुली झाली. जुन्या वस्तू बापाच्या कपाटात सापडतात, हे अमेरिकेतही खरे आहे.

आता आमच्या घरची गोष्ट. २००३ साली आम्ही जोडणीचा कॉम्प्युटर घेतला. पैसे निम्मे माझे, निम्मे माझ्या मेव्हण्याचे. तो दोहाला इलेक्ट्रिशियन होता. मे २००५ मध्ये तो सुट्टीवर आला तेव्हा मुंबईहून ‘एज ऑफ एम्पायर्स’च्या दुसऱ्या भागाची सीडी घेऊन आला. माझा मुलगा तेव्हा बारा वर्षांचा. त्या खेळात सलाहुद्दीनची मोहीम आहे, एकामागून एक लढाया. महिनाभर मामा-भाचे रात्री त्यात गढलेले असत. माउस पोराच्या हातात, हुकूम मामूचा. मी पलीकडच्या खोलीत कविता लिहायचे नाटक करीत ऐकत असे: “अरे, आधी शेतं कर. उपाशी सैन्य कोण लढणार?”

मोहिमेची शेवटची लढाई अक्का शहर राखण्याची, समोर इंग्लंडचा रिचर्ड. इतिहासात सलाहुद्दीनला ते जमले नाही, ११९१ च्या जुलैत अक्का पडले. आमच्या घरातही त्याचा निकाल लागला नाही. जून उजाडला, मेव्हण्याचे विमान होते. अर्धा डाव साठवून तो भाच्याला म्हणाला, “पुढच्या सुट्टीत पुरा करू. तोवर हात लावायचा नाही.” पोराने वचन दिले.

जुलैच्या २६ तारखेला अंबा चढली. आमच्या गावाला वरून पाऊस आणि खालून खाडीची भरती अशा कात्रीत सापडायची सवय आहे. १९८९ च्या जुलैत याच नदीने वर जांभूळपाड्यात काय केले, ते आमच्या पिढीच्या डोळ्यांपुढे आहे. चौलच्या काझी अलाउद्दीनने बांधला म्हणतात तो जुना दगडी पूल दिसेनासा झाला की सामान वर चढवायचे, हा आमच्याकडचा हिशेब. त्या दिवशी बायकोने तांदूळ वर नेला, मी पुस्तके नेली आणि पोराने कुणाला न विचारता कॉम्प्युटरच्या तारा उपसून डबा उचलून माळ्यावर नेला. मी त्याच्यावर ओरडलो, “आधी गाद्या घे!”

पुढच्या वर्षी मार्चमध्ये मेव्हणा दोह्यालाच गेला. झोपेत. वय चाळीसही नव्हते.

पोराने त्या डावाला हात लावला नाही. आम्ही कधी त्याविषयी बोललो नाही. २००९ मध्ये कॉम्प्युटर अडला, तो दुरुस्तीला दिला. दुरुस्ती करणाऱ्याने “व्हायरस होता, फॉरमॅट मारलं” असे सांगून तो परत केला. त्या शब्दाचा अर्थ मला त्या दिवशी नीट कळला. माझ्या पाच वर्षांच्या कविता गेल्या, पोराच्या ‘व्हाइस सिटी’चे डाव गेले. पोरगा त्या रात्री जेवला नाही. मला वाटले, मोटारींच्या खेळासाठी एवढे काय! मामूचाही डाव गेला असे तो समजून चालला होता, हे मला कोणी सांगितले नाही. पुढे वीज पुरवणारा डबा जळला आणि यंत्र कायमचे माळ्यावर गेले.

गेल्या वर्षी घराचे छप्पर बदलायचे म्हणून माळा रिकामा केला. भंगारवाला दारात उभा. पुण्याहून आलेला मुलगा त्या डब्यासमोर उकिडवा बसला आणि म्हणाला, “अब्बा, हा नका देऊ. एक पाहायचंय.”

त्याला मधल्या काळात एक गोष्ट कळली होती. सगळे खेळ आपले डाव एकाच जागी ठेवत नाहीत. ‘व्हाइस सिटी’ आपले डाव ‘माय डॉक्युमेंट्स’मध्ये ठेवी आणि ते असते सी ड्राइव्हवर. ‘एज ऑफ एम्पायर्स’ची जुनी आवृत्ती मात्र खेळ जिथे बसवला त्याच फोल्डरात, ‘सेव्हगेम’ नावाच्या कप्प्यात डाव ठेवी. आपल्याकडे जोडणीच्या कॉम्प्युटरला सी, डी, ई असे भाग पाडून द्यायची पद्धत होती आणि सीवर जागा पुरत नाही म्हणून खेळ डीवर बसवले जात. फॉरमॅट मारले जाते ते बहुधा नुसत्या सीला.

त्याने यंत्र लगेच सुरू केले नाही. आधी हार्ड डिस्क बाहेर काढली. जुन्या रुंद पट्टीच्या जोडणीची ती चाळीस जीबीची डिस्क त्याने एका कनव्हर्टर केबलने लॅपटॉपला लावली. थोडी घरघरली आणि दिसू लागली. डी ड्राइव्ह, खेळाचे फोल्डर, त्यात ‘सेव्हगेम’. पंधरा-वीस नावे. त्यांत एक ‘मामू १’, खाली तारीख जून २००५ ची. मोबाईलवर काढलेल्या फोटोहूनही लहान फाइल. आधी नक्कल केली, मगच आम्ही चहा प्यायलो.

ऐकणाऱ्यांपैकी अनेकांच्या घरी असे डबे असतील, म्हणून मुलाकडून शिकलेले थोडे सांगतो. विंडोजवर डाव शोधायचा तर आधी ‘डॉक्युमेंट्स’ पाहावे, त्यात पुष्कळदा ‘माय गेम्स’ असते. मग वापरणाऱ्याच्या नावाच्या फोल्डरात ‘सेव्ह्ड गेम्स’. तिथे नसेल तर ‘ॲपडेटा’. हे फोल्डर लपवलेले असते, लपलेल्या फायली दाखवण्याची खूण केल्याशिवाय दिसत नाही. आणखी एक चकवा आहे. व्हिस्टापासून पुढे जुने खेळ ‘प्रोग्रॅम फाइल्स’मध्ये लिहू गेले तर विंडोज गुपचूप ते ‘ॲपडेटा’तल्या ‘व्हर्च्युअलस्टोअर’मध्ये वळवते. माणूस खेळाचे सगळे फोल्डर जपून उचलतो आणि डाव मागेच राहतो. काहीच सापडले नाही तर खेळ सुरू करून नव्या नावाने एक डाव साठवायचा, घड्याळ बघायचे आणि गेल्या दहा मिनिटांत बदललेल्या फायली शोधायच्या. चोर स्वतःच पाऊल दाखवतो. उचलताना मात्र एक फाइल न उचलता सगळा कप्पा उचलावा, आणि खेळ बंद असताना.

नक्कल कुठे ठेवायची? जाणकारांचा दंडक असा, की एकूण तीन प्रती, दोन वेगळ्या प्रकारच्या साधनांवर आणि त्यांतली एक घराबाहेर. नागोठण्यात याचा अर्थ अंबेच्या पाण्याबाहेर, हे मी वेगळे सांगायला नको. कोकणच्या दमट हवेत सीडीला बुरशी येते. पेन ड्राइव्ह वर्षानुवर्षे नुसता पडून राहिला तर त्याचाही भरवसा नाही. इंटरनेटवरच्या ‘क्लाउड’ची सोय चांगली, ‘स्टीम’सारख्या दुकानाने ती २००८ पासून दिली आहे. पण ती सोय दोन यंत्रे सारखी ठेवण्यासाठी असते. एकीकडे डाव बिघडला तर दुसरीकडेही बिघडलेलाच पोचू शकतो. म्हणून हातातली एक प्रत हवीच.

आणि हल्लीच्या पुष्कळ खेळांत डाव आपल्या घरी नसतोच, तो कंपनीच्या यंत्रावर असतो. ‘फार्मव्हिल’ची शेते ३१ डिसेंबर २०२० ला बंद झाली, किती घरांतल्या बायकांनी जपून वाढवलेली. त्याच वर्षी सप्टेंबरात आपल्या सरकारने ‘पबजी’वर बंदी घातली तेव्हा आमच्या नाक्यावरची पोरे सुतक असल्यासारखी बसली होती. बंदीच्या बऱ्यावाईटात मी शिरत नाही. पण तिथे नक्कल करून ठेवायला त्यांच्या हाती काही नव्हते, एवढे खरे. २०२१ मध्ये नव्या नावाने तो खेळ आला तेव्हा कंपनीने जुना हिशेब इकडे आणू दिला, तोही ठरावीक मुदतीपुरता.

खेळाशिवाय डाव मुका, असे मी म्हणालो. याचा अनुभव आम्हा मराठीत लिहिणाऱ्यांना चांगला आहे. युनिकोड रुळण्याआधी आम्ही ज्याच्या त्याच्या फॉन्टात टाइप करीत होतो. फॉरमॅटमधून वाचलेल्या माझ्या एका फ्लॉपीवर अकरा कविता आहेत. उघडल्या की इंग्रजी अक्षरांचा नि चिन्हांचा पाऊस पडतो. फॉन्ट मिळाला की त्या पुन्हा मराठी होतात. तसेच इथे. या खेळाच्या २०१३ आणि २०१९ मध्ये नव्या आवृत्त्या आल्या, चित्रे सुंदर झाली, पण २०१९ च्या आवृत्तीत २००५ सालचा आमचा डाव उघडेना. जुनाच खेळ हवा, आणि त्याला जुने यंत्र.

मुलाने पेणहून वीज पुरवणारा वापरलेला डबा आणला, आतला छोटा सेल बदलला. यंत्र सुरू झाले तेव्हा त्याच्या मते २००३ चा जानेवारी होता. सीडीचा ट्रे अडकला होता, तो टाचणीने उघडला. सीडी बिस्किटाच्या डब्यात होती, बायकोने कधी ठेवली कोण जाणे. खेळ पुन्हा बसवला, डाव आपल्या जागी ठेवला आणि मुलाने बायकोला हाक मारली. ती हात पुसत आली.

पडद्यावर अक्का उभे राहिले. लगेच मुलाने एफ-तीन दाबून काळ थांबवला. सैनिक पाऊल उचललेले तसेच उभे.

बायकोने चष्मा लावला आणि बराच वेळ पाहिले.

“हे सगळं त्यानं बांधलंय?”

“भिंत मामूची,” मुलगा म्हणाला. “शेतं माझी.”

शेते वाकडीतिकडी होती. भिंत मात्र दुहेरी, दरवाजाशी बुरूज. तिने पडद्यावर बोट टेकवून भिंत इकडून तिकडे पाहिली. मुलगा म्हणाला, “अम्मी, पुढे चालवू का?” ती नको म्हणाली. मग तिने कनवटीचा मोबाईल काढून त्याच्यापुढे धरला.

“याच्यात घालून दे.”

मोबाईलवर ती फाइल उघडणार नाही, हे तो सांगू लागला. तिने हात मागे घेतला नाही. त्याने केबल लावली.